बलुते, हक्क आणि पगार : वतनदार महारांची न मागता आलेली थकबाकी

सरकारी नोकराचा पगार सरकारने थकवला, तर त्याला न्यायालयात जाऊन तो मागता येतो काय, हा प्रश्न आज कुणाला पडत नाही. शिक्षक, कारकून, पोलीस, पाटबंधारे खात्यातील रोजंदार मजूर असे सारेच आज थकबाकीसाठी न्यायालयात जातात. कुणाला न्याय मिळतो, कुणाला वीस वर्षांनी मिळतो, कुणाचे वारस तो घेतात. पण दाव्याचा हक्कच नाही असे त्यांना कोणी म्हणत नाही. हा हक्क या देशात १९५४ साली निःसंदिग्धपणे प्रस्थापित झाला. त्यापूर्वी पाऊणशे वर्षे हजारो माणसे सरकारचे काम करीत होती, आणि त्या कामाच्या मोबदल्यासाठी दिवाणी न्यायालयाचे दार त्यांना बंद होते. ही माणसे म्हणजे मुंबई इलाख्यातील वतनदार महार, मांग, रामोशी आणि खानदेशातील जागले. त्यांची थकबाकी कुठल्याच निवाड्यात सापडत नाही. ती का सापडत नाही, याचा हा थोडा शोध आहे.

सोयीसाठी एक गाव डोळ्यांपुढे ठेवू. जळगाव जिल्ह्यात जामनेर तालुक्यात वाघूर नदीकाठी पहूर आहे. कसबे आणि पेठ अशी त्याची दोन अंगे. जळगावहून नेरी, पहूर, वाकोद, फर्दापूर असा अजिंठ्याकडे जाणारा रस्ता इथूनच जातो. इंग्रजी अमलात फर्दापूरपाशी निजामाची हद्द लागे, म्हणजे पहूर हे सरहद्दीजवळचे, वर्दळीचे गाव. तालुक्याची कचेरी जामनेरला, चार-पाच कोसांवर. असल्या गावी महाराचे काम काय असे? वसुलाची रक्कम तालुक्याला पोचवायची, पाटलाचा लखोटा न्यायचा आणि उत्तर घेऊन यायचे. दौऱ्यावर साहेब आला की त्याचे सामान, त्याच्या घोड्यांचे गवत, त्याच्या तंबूची राखण. रयतेला चावडीवर बोलावून आणायचे. शेताच्या बांधाचा तंटा झाला की हद्दीची साक्ष द्यायची. रात्री वेशीवर जागायचे. कुणाकडे मौत झाली की परगावी निरोप न्यायचा, आणि मेलेले जनावर ओढायचे. यातली पहिली कामे सरळसरळ सरकारची आहेत आणि शेवटची गावाची. पण या दोहोंमधली रेघ कुणीच काढली नव्हती, आणि ती काढली गेली नाही यातच सर्वांची सोय होती. पहूर हे एक नाव. त्या जागी एरंडोल, पाचोरा, शिरपूर, साक्री या तालुक्यांतले कुठलेही गाव घातले तरी वर्णन बदलत नाही.

याचा मोबदला तीन प्रकारचा. एक, वतनाची जमीन. तिच्यावर पूर्ण सारा नसे, कमी दराची जुडी असे. दोन, काही ठिकाणी सरकारातून मिळणारी चिमूटभर रोकड. तीन, खळ्यावर रयतेकडून मिळणारे बलुते. जमीन मुळात थोडी, त्यात भाऊबंद वाढत गेले, तुकडे पडत गेले. काम पाळीने करायचे आणि जमिनीचा वाटा मात्र पन्नास ठिकाणी विभागलेला. त्यामुळे पाळीवर असलेल्या माणसाचे पोट खरोखर चालायचे ते बलुत्यावर आणि घरोघर मागून आणलेल्या भाकरीवर. बावन्न हक्कांच्या सनदेची गोष्ट आपल्या वडीलधाऱ्यांनी अभिमानाने सांगितली. त्या अभिमानाची टिंगल करण्याचे कारण नाही, कारण माणसाला काहीतरी आपले म्हणायला लागते. पण त्या बावन्न हक्कांपैकी एकही असा नव्हता की जो दिला नाही म्हणून देणाऱ्यावर हुकूमनामा मिळवून वसूल करता येईल. हक्क नाव असलेली ती वस्तू हक्क या शब्दाच्या कायद्यातील अर्थाने हक्क नव्हतीच.

हे आपोआप घडले नाही. इंग्रज सरकारने ते कायदे करून घडवले. लागोपाठ तीन कायदे पाहा. १८७१ चा पेन्शन कायदा म्हणतो, सरकारने दिलेले पेन्शन किंवा पैशाची अगर महसुलाची देणगी यांसंबंधीचा दावा कलेक्टरच्या दाखल्याशिवाय दिवाणी न्यायालयाने ऐकू नये. १८७४ चा वतन कायदा, म्हणजे मुंबईचा वंशपरंपरागत हुद्द्यांचा कायदा, वतनदारांची कामे, त्यांचा मोबदला, त्यांची पाळी हे सारे कलेक्टरच्या हाती देतो. आणि १८७६ चा महसुली अधिकारक्षेत्राचा कायदा तर आपल्या चौथ्या कलमात स्पष्टच सांगतो की वंशपरंपरागत हुद्देदाराच्या किंवा इतर कुठल्याही गावकामगाराच्या हुद्द्याला जोडलेल्या मालमत्तेबद्दल सरकारविरुद्धचा दावा, तसेच ते काम करू देण्याबद्दलचा किंवा त्या कामावरून दूर केल्याच्या नुकसानीबद्दलचा दावा दिवाणी न्यायालयाने चालवू नये. पाच वर्षांत कुंपण पुरे झाले. महाराने तक्रार करायची ती मामलेदाराकडे, तिथे निभाव लागला नाही तर प्रांताकडे, मग कलेक्टरकडे. म्हणजे ज्यांचे लखोटे तो वाहतो, ज्यांच्या घोड्यांना गवत घालतो, त्यांच्याकडेच. मालक आणि न्यायाधीश एकच.

कोणी म्हणेल, सरकारवर दावा करता येत नव्हता हे खरे, पण बलुते तर रयत देत होती. रयतेवर दावा लावता आला असता. कागदावर हा मुद्दा बिनतोड वाटतो. गावात तो कसा दिसतो ते पाहू. दावा लावायचा तर कुणावर? बलुते शंभर खातेदारांकडून येणार, म्हणजे शंभर दावे. एकेका दाव्यात चार पायली जोंधळ्याची मागणी, आणि तिच्यासाठी स्टॅम्प, वकील, तालुक्याच्या खेपा. दरवर्षी किती दाणे द्यायचे हे लिहिलेले कुठेच नाही. खळ्यावर कुणबी सुपात घालील ते बलुते. साक्षीदार आणायचे तर गावातलेच, म्हणजे प्रतिवादीचे भाऊबंद. आणि दावा दाखल झाल्याची बातमी गावात पोचली की दुसऱ्या दिवशी पिठाची गिरणी बंद, किराणा बंद, गुरे चारायला रान बंद. बहिष्कार हा गावचा हुकूमनामा. त्याची बजावणी ताबडतोब होते आणि त्यावर अपील नाही.

आता याच काळातील दुसरा एक वतनदार घ्या. तोही गावचाच, त्याचाही हक्क वंशपरंपरागत, त्यालाही मोबदला रयतेनेच द्यायचा. तो म्हणजे ग्रामजोशी. एखाद्या यजमानाने वतनदार जोशाला डावलून दुसऱ्या भटाकडून लग्न लावून घेतले, तर डावललेल्या जोशाने दिवाणी न्यायालयात जाऊन आपली दक्षिणा मागावी, आणि न्यायालयाने ती द्यावी! १८७० नंतरच्या दशकात मुंबई उच्च न्यायालयाने अशा दाव्यांत जोशाच्या बाजूने निवाडे दिलेले आहेत, १८७९ सालच्या अहवालांत ते छापलेले आहेत. म्हणजे न केलेल्या कामाची मजुरी न्यायालय वसूल करून देत होते. जोशाची वृत्ती ही मालमत्ता ठरली आणि तिला धक्का लागला तर नुकसानभरपाई मिळू लागली. महाराने मात्र पावसापाण्यात जामनेरपर्यंत पायपीट करून केलेल्या कामाची मजुरी ही कलेक्टरच्या मर्जीची बाब ठरली. त्या काळच्या न्यायमूर्तींनी मुद्दाम जातिभेद केला असे म्हणण्याची गरज नाही. त्यांनी फक्त कायदा लावला. जोशाचे वतन सरकारच्या कामाशी जोडलेले नव्हते, म्हणून कुंपणाबाहेर राहिले. महाराचे जोडलेले होते, म्हणून कुंपणात सापडले. सरकारी सेवा केल्यामुळे माणसाचा हक्क बळकट व्हावा की दुबळा व्हावा, एवढाच प्रश्न इथे उरतो.

जोशीवतनाविरुद्ध पहिली टक्कर दिली ती सत्यशोधकांनी. जुन्नर-ओतूर भागात बाळाजी कुसाजी पाटील यांनी भटाशिवाय लग्न लावले. ग्रामजोशाने दक्षिणेचा दावा ठोकला. खटला खालच्या न्यायालयातून वर चढत १८९० च्या सुमारास मुंबई उच्च न्यायालयात निकाली निघाला आणि यजमानाने भट बोलावलाच नसेल तर जोशाला काही मागता येत नाही असे ठरले. पुढे रावबहादुर सी. के. बोले यांच्या प्रयत्नाने १९२६ साली मुंबई कायदेमंडळाने कायदा करून, काम न करता मागितली जाणारी ही धार्मिक दक्षिणाच रद्द केली. हेच ते बोले, ज्यांच्या १९२३ च्या ठरावाने सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले केले आणि ज्या ठरावाच्या पाठोपाठ महाड घडले. बोल्यांच्या कायद्याची कथा आपल्याकडे फारशी सांगितली जात नाही. पण जोशाला न केलेल्या कामाचे पैसे मागता येऊ नयेत हे ठरवायला अर्धशतक लागले, आणि महाराला केलेल्या कामाचे पैसे मागता यावेत हे त्या अर्धशतकात कुणाच्या कार्यक्रमपत्रिकेवरही नव्हते, या दोन गोष्टी शेजारी शेजारी ठेवून पाहिल्या पाहिजेत.

त्र्यंबक नारायण आत्रे यांचे ‘गावगाडा’ हे १९१५ साली प्रसिद्ध झालेले पुस्तक आपल्या विद्यार्थ्यांनी जरूर वाचावे. महसूल खात्यात राहून गाव इतक्या बारकाईने पाहिलेला दुसरा लेखक तेव्हा मराठीत नव्हता. पण तो गाव दिसतो कुणब्याच्या ओट्यावरून. त्या ओट्यावर बसले की बलुतेदार हा कुणब्याच्या खळ्यावरचा भार वाटतो. महारवाड्यातून पाहिले तर तेच बलुते म्हणजे वर्षभराच्या कामाचा, वर्षाअखेर, देणाऱ्याच्या मनाला येईल तेवढा दिलेला पगार. ज्याला तो पगार वाटला असा पहिला माणूस कायद्याच्या भाषेत बोलू लागला तेव्हा १९२७ साल उजाडले होते.

त्या वर्षी बाबासाहेबांनी ‘बहिष्कृत भारता’त महार आणि त्यांचे वतन या विषयावर लेखमाला लिहिली, आणि १९ मार्च १९२८ रोजी मुंबई कायदेमंडळात वतन कायदा दुरुस्तीचे विधेयक मांडले. आपण या विधेयकाकडे सामाजिक सुधारणेचे विधेयक म्हणून पाहतो. ते तसे होतेच. पण त्याची कलमे वकिलाच्या नजरेने वाचली तर ते मुख्यतः वेतनाचे विधेयक आहे. महार हा सरकारी नोकर आहे. मग त्याचा पगार सरकारने का देऊ नये, रयतेच्या अंगावर का ढकलावा, हा त्याचा गाभा. विधेयकात असे सुचवले होते की बलुत्याचे रूपांतर रोख पट्टीत करावे आणि ती साऱ्याबरोबर वसूल करून महारांना द्यावी. ज्यांना वतन नको असेल त्यांना पूर्ण सारा भरून जमीन आपल्या नावे करून घेता यावी आणि कामातून मोकळे होता यावे. महाराने कुणाची आणि कुठली कामे करायची ते ठरवून द्यावे. या तिसऱ्या मागणीला आपण पुरेसे महत्त्व दिलेले नाही. काम ठरल्याशिवाय पगार ठरत नाही, आणि पगार ठरल्याशिवाय थकबाकी ठरत नाही. चोवीस तास, बारा महिने, कुणीही सांगेल ते काम, अशा नोकरीत कुठले तास थकले आणि कुठले फिटले हे ब्रह्मदेवालाही सांगता येणार नाही. बाबासाहेबांनी मंडळापुढे हेही दाखवून दिले की पाळीचा महार हजर नसेल तर त्याच्या बापाला, घरातल्या दुसऱ्या कुणाला कामाला जुंपता येते. म्हणजे नेमणूक एकाची आणि राबवणूक कुटुंबाची. त्या कुटुंबात बायाही आल्या. वतनाच्या कागदावर त्यांचे नाव नाही. पण सडा, सारवण, सरपण, साहेबाच्या मुक्कामाचे पाणी हे कुणाच्या डोक्यावरून गेले याचा शोध कागदात लागायचा नाही.

महसूल खात्याने विधेयकाला कसून विरोध केला. विरोधाचे कारण उघड होते. महारांना रोख पगार द्यायचा म्हटला की सरकारी तिजोरीवर बोजा, आणि रोख पट्टी बसवायची म्हटली की रयत नाराज. फुकटच्या नोकराला कोण सोडील? विधेयक चिकित्सा समितीकडे गेले, तिथे त्याचा जीव काढला गेला, आणि जुलै १९२९ मध्ये बाबासाहेबांनी ते मागे घेतले. सरकार ऐकणार नसेल तर महारांनी काम बंद करावे हा इशारा त्यांनी दिलेला होता.

काम बंद केले की काय होते हे त्याच वर्षी खानदेशात दिसत होते. मुंबई सरकारने नेमलेल्या स्टार्ट कमिटीचे सभासद म्हणून बाबासाहेब १९२९ च्या ऑक्टोबरात खानदेशच्या दौऱ्यावर होते. धुळे रेल्वेमार्गावरील एका गावी सवर्णांनी अस्पृश्यांवर पुकारलेल्या बहिष्काराची चौकशी करायला ते गेले. परतताना चाळीसगावी उतरले तेव्हा तिथल्या टांगेवाल्यांनी अस्पृश्याला टांग्यात बसवून नेण्याचे नाकारले. महारांनी टांगा भाड्याने घेतला आणि त्यांच्यातलाच एक, ज्याला टांगा हाकण्याचा सराव नव्हता, तो हाकायला बसला. मोरीवर टांगा उलटला आणि बाबासाहेब दगडी फरशीवर फेकले गेले. ही हकीकत त्यांनी स्वतः लिहून ठेवली आहे आणि ती आपल्याला अपमानाची हकीकत म्हणून पाठ आहे. तिच्यातला चौकशीचा भाग मात्र आपण विसरतो. सरकारची समिती बहिष्काराची चौकशी करीत होती, आणि सरकारचेच महसूल खाते बहिष्कृतांच्या बलुत्याला पगार म्हणायला तयार नव्हते. बहिष्कारात पहिली वस्तू बंद होते ती बलुते. बलुते हा पगार असता तर ते बंद करणे हा सरकारी नोकराचा पगार अडवण्याचा गुन्हा झाला असता. बलुते हा गावाचा उपकार राहिला, म्हणून ते बंद करणे हा गावाचा अधिकार राहिला. बहिष्काराला दात होते ते इथून आलेले.

१९३७ साली स्वतंत्र मजूर पक्षाचे नेते म्हणून बाबासाहेबांनी वतने रद्द करण्याचे विधेयक आणले. दुरुस्तीची भाषा आता संपली होती. पुढे सरकारने वतनजमिनींवरची जुडी वाढवली, आणि त्याविरुद्ध १६ डिसेंबर १९३९ रोजी नगर जिल्ह्यात हरेगाव येथे महार, मांग, वेठिया वतनदारांची परिषद भरली. पगार वाढवून मागणाऱ्या नोकराला मालकाने उलट पगार कापून उत्तर द्यावे, तसा हा प्रकार. जुडी वाढली म्हणजे मोबदला घटला. काम तेवढेच राहिले.

याच सुमारास वरच्या दर्जाच्या सरकारी नोकरांचे दावे वरच्या न्यायालयांत लढवले जात होते, आणि महारांच्या प्रश्नाचा त्यांच्याशी काय संबंध ते पाहणे उद्बोधक आहे. इंग्लंडच्या जुन्या कल्पनेप्रमाणे राजाचा नोकर राजाच्या मर्जीवर असतो. पगार ही राजाची कृपा, म्हणून त्यासाठी दावा लागत नाही. फेडरल कोर्टाने चाळिशीत ही कल्पना हिंदुस्थानला लावायचे नाकारले. पण आय. एम. लाल या बडतर्फ आय.सी.एस. अधिकाऱ्याच्या खटल्यात मार्च १९४८ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने बडतर्फी बेकायदा ठरवूनही मागचा पगार मात्र नाकारला. म्हणजे पगाराच्या बाबतीत आय.सी.एस. साहेब आणि पहूरचा वेसकर हे काही काळ एकाच पंक्तीला बसले होते! फरक एवढाच की साहेबाला लंडनपर्यंत जाऊन नकार ऐकता आला.

पंगत लवकरच मोडली. बिहारमधील अब्दुल मजीद या पोलीस फौजदाराला १९४० साली अधिकार नसलेल्या वरिष्ठाने बडतर्फ केले होते. त्याने बडतर्फीच्या काळातील पगार मागितला. सरकारने प्रिव्ही कौन्सिलचा निवाडा पुढे केला. सर्वोच्च न्यायालयाने १९५४ साली सरन्यायाधीश महाजन यांच्या निकालपत्रात तो बाजूला सारला. त्यात एक युक्तिवाद फार महत्त्वाचा आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या साठाव्या कलमाप्रमाणे सरकारी नोकराच्या पगारावर त्याच्या सावकाराला काही मर्यादेत जप्ती आणता येते. पगार जर सरकारची कृपा असेल तर सावकार जप्त काय करणार? ज्याअर्थी जप्ती येते, त्याअर्थी पगार हे सरकारचे नोकराला असलेले देणे आहे. आणि देणे आहे तर त्यासाठी दावाही आहे. हाच युक्तिवाद वतनाला लावून पाहा. वतन कायद्याने वतनाचे उत्पन्न दिवाणी जप्तीपासून दूर ठेवले होते. ते वतनदाराच्या संरक्षणासाठी, असे सांगितले गेले, आणि काही अंशी ते खरेही होते. सावकाराच्या घशात गेली असती अशी पुष्कळ जमीन त्यामुळे वाचली. पण त्याच संरक्षणाने वतनदाराचे उत्पन्न देण्याघेण्याच्या जगातून बाहेर काढले. सावकाराला ते मागता येईना आणि ज्याचे होते त्यालाही ते मागता येईना.

अब्दुल मजीदच्या निवाड्याचा फायदा वतनदार महाराला झाला काय? झाला नाही, आणि कारण मुद्दा न्यायालयापुढे गेलाच नाही. राज्यघटनेच्या तेविसाव्या कलमाने १९५० पासून वेठ बेकायदा ठरली होती. वतने मात्र नऊ वर्षे चालूच होती. मुंबई राज्याचा कनिष्ठ ग्रामवतने रद्द करण्याचा १९५८ चा कायदा १ ऑगस्ट १९५९ पासून अमलात आला. महार, मांग, रामोशी ही कामे जन्माने करण्याची सक्ती संपली. या कायद्याचे मोल कमी लेखण्याचे कारण नाही. पण त्याचा हिशोब कसा मांडला होता ते बघा. वतनाची जमीन आधी सरकारजमा होणार, मग पूर्ण साऱ्याच्या तिप्पट नजराणा मुदतीत भरील त्या वतनदाराला ती परत मिळणार, तीही कलेक्टरच्या परवानगीवाचून विकता किंवा वाटता न येणाऱ्या नव्या शर्तीवर. नजराणा न भरणाऱ्याची जमीन सरकारची. पिढ्यान्पिढ्या अपुऱ्या मोबदल्यावर करून घेतलेल्या सरकारी कामाचा फरक वतनदाराला देण्याचे कलम त्या कायद्यात नव्हते. नोकरी संपताना मालकाने नोकराचे देणे चुकवायचे, की नोकराने मालकाला तिप्पट भरायचे? हा प्रश्न त्या वेळी विधिमंडळात जोराने विचारला जायला हवा होता. त्याच १९५९ साली दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखाली खानदेश-मराठवाड्यात भूमिहीनांचा सत्याग्रह झाला. पडीक सरकारी जमीन मागणाऱ्या या लोकांना सरकार काही देणे लागत होते, ही बाजू त्या लढ्याच्या इतिहासात धरली पाहिजे.

वंशपरंपरागत गावकामगारीचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयात आला तो आंध्रातून, १९६० च्या डिसेंबरात, गझुला दशरथ रामराव यांच्या खटल्यात. गावमुन्सफाची जागा आधीच्या मुन्सफाच्या मुलाला केवळ तो मुलगा म्हणून द्यावी, हा नियम न्यायालयाने सोळाव्या कलमाविरुद्ध ठरवला आणि अशी जागा हे राज्याच्या नोकरीतील पद आहे असे स्पष्ट केले. गावकामगार हा सरकारी नोकर, हे बाबासाहेबांचे १९२८ चे म्हणणे अशा रीतीने बत्तीस वर्षांनी सर्वोच्च न्यायालयाच्या तोंडून आले. पण तंटा होता तो जागा कुणाला मिळावी याचा. बिनपगारी कामाचा नव्हता. त्या बाजूचा निवाडा आला १९८२ साली, दिल्लीच्या एशियाड बांधकामावरील मजुरांच्या खटल्यात. किमान वेतनाहून कमी देऊन काम करून घेणे म्हणजे तेविसाव्या कलमातील वेठच, माणूस पोटाच्या सक्तीने राबत असला तरी ती सक्तीच, असे न्यायालयाने ठरवले. पुढच्याच वर्षी राजस्थानातील दुष्काळी कामांवरील मजुरांच्या संजित रॉय खटल्यात, दुष्काळात काम देणे हा सरकारचा उपकार नाही आणि त्यालाही किमान वेतन लागू आहे, असे सांगितले. महाराष्ट्रात रोजगार हमीच्या कामांवर राबणाऱ्यांना या निवाड्याचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही. पण हे तत्त्व १९५० पासून लागू होते असे मानले, तर १९५० ते १९५९ या नऊ वर्षांतले प्रत्येक वतनदाराचे काम घटनाबाह्य वेठ ठरते. त्या नऊ वर्षांची मजुरी कुणी मागितली नाही. १९८२ साली मागायची म्हटली तरी वेतनाच्या दाव्याची मुदत तीन वर्षांची. ती केव्हाच उलटून गेलेली होती. हक्क कळेपर्यंत मुदत संपते, हा अनुभव आपल्या लोकांना इतर बाबतींतही आहे.

वतन गेले आणि त्या जागी कोतवाल आला. त्याचे काम बव्हंशी तेच : दवंडी, लखोटा, वसुलात मदत, साहेबाचा दौरा. त्याला मिळते ते मात्र ‘मानधन’. अलीकडे पदनाम बदलून ‘महसूल सेवक’ झाले. चतुर्थ श्रेणीत घ्या, वेतनश्रेणी द्या, ही त्यांच्या संघटनांची मागणी कितीतरी जुनी आहे. मानधन हा शब्द वरवर आदराचा आहे. पण वेतन थकते, मानधन थकले तरी थकले असे म्हणवत नाही; वेतनाला श्रेणी असते, महागाई असते, निवृत्ती असते, मानधनाला मंत्रिमंडळाची बैठक असते. अंगणवाडी सेविकांचेही हेच झाले. २००६ साली कर्नाटकच्या अमीरबी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने त्यांना राज्याच्या नागरी पदावरील नोकर मानायचे नाकारले. मात्र एप्रिल २०२२ मध्ये गुजरातच्या मणिबेन भारिया खटल्यात त्याच न्यायालयाने म्हटले की ग्रॅच्युइटीच्या कायद्यापुरते पाहिले तर सेविकांचे मानधन म्हणजे वेतनच होय. बलुत्याबद्दल हे वाक्य कुठल्याही न्यायालयाने कधी उच्चारले नाही. मणिबेनच्या निवाड्याचा आधार मानधनावरच्या इतर गावकामगारांना किती घेता येईल हे प्रत्येक कायद्याच्या व्याख्येवर अवलंबून राहील. आपल्या वकीलमित्रांनी तो अभ्यास हाती घ्यावा.

इतिहासाच्या विद्यार्थ्यांसाठी दुसरे काम आहे. निवाड्यांच्या अहवालांत वतनदार महार सापडत नाही, कारण त्याचा तंटा तिथवर जाऊच दिला नाही. तो सापडेल महसुली कागदांत. प्रत्येक गावच्या तिसऱ्या नमुन्यात, म्हणजे दुमाला जमिनींच्या नोंदवहीत, वतनाचे क्षेत्र आणि जुडी लिहिलेली असे. १९५९ नंतरच्या फेरफारांत कुणी नजराणा भरला, कुणाला भरता आला नाही आणि कुणाची जमीन सरकारजमा झाली याची नोंद पडलेली असते. पहूर कसबे, पहूर पेठ, शेंदुर्णी, नेरी अशी जामनेर तालुक्यातली पाच-दहा गावे घेऊन हे कागद तालुक्याच्या आणि जळगावच्या अभिलेखकक्षात कुणीतरी बसून वाचले पाहिजेत, आणि त्याबरोबर १९५९ पूर्वी पाळीचे काम केलेल्या घरांतील वडीलधाऱ्यांच्या आठवणी, जे अजून हयात आहेत त्यांच्याकडून, उतरवून घेतल्या पाहिजेत : काम काय होते, किती दिवस होते, खळ्यावरून किती पायल्या येत, आणि कुठल्या वर्षी त्या आल्या नाहीत.